हायड्रेंजियाची पानं कोण नेतं?

२२ एप्रिल
घराशेजारच्या गोदामाच्या दगडी भिंतीलगतचा बर्फ आज संपला. वेल जिवंत आहे. खोडावरची साल सुटते आहे, ती सुटू द्यायची. पानांचे कोंब जोडीजोडीने फुगले आहेत.
घरमालक सावागुची छपराचं बर्फाने काय नुकसान झालं ते बघायला आले होते. म्हणाले, ऑगस्टमध्ये ही भिंत रंगवणार, तेव्हा ही हायड्रेंजियाची वेल काढून टाकू. मी विचारलं, फुलली तरी? हसले. म्हणाले, बाई, इतक्या वर्षांत हिला एक फूल आलेलं मी पाहिलं नाही. आलंच तर राहू दे, माझी काय दुश्मनी आहे?
म्हणजे मुदत जुलैअखेरपर्यंत. या गावात आल्यापासून तीन वर्षं हिची देखभाल मी करते आहे. ही जाणार नाही.
अट कोणाला सांगायची नाही. आपली गरज लोकांना कळली की ते तिचा उपयोग करतात.

२३ एप्रिल
संकल्प. यंदा छाटणी नाही. (गेल्या मार्चमध्ये केली होती. ती चूक नव्हती, चाचणी होती.) मुळाशी पालापाचोळ्याचं खत. माती ओलसर ठेवायची, पण पाणी साचू द्यायचं नाही. नायट्रोजन कमी, नाहीतर नुसती पानं येतात. दोरी आणि खिळे अजिबात नाहीत. ही वेल खोडाला फुटलेल्या मुळांनी भिंत धरते, कोणाचा आधार मागत नाही. मला हे पटतं.
पाहणीसाठी खालच्या फांद्या निवडल्या, हात पोचेल तेवढ्याच. प्रत्येकीला निळी फीत बांधली. वरचा भाग मोजता येत नाही, म्हणून तो अभ्यासाबाहेर.

५ मे
शेजारच्या तोगाशी काकू डबा घेऊन आल्या. रोजच येतात, मी कामावरून येऊन बूट काढते न काढते तोच. कारण अजून कळलेलं नाही. माणूस उगाच कोणाला जेवू घालत नाही.
म्हणाल्या, अगं होंजो, किती वाळलीस! त्या डेअरीत दूध नुसतं हुंगतेस की काय? मी सांगितलं, दूध हुंगून त्याचा दर्जा ठरवणं हेच माझं काम आहे आणि माझ्या नाकाला प्रमाणपत्र आहे. म्हणाल्या, मग हेही हुंग आणि खा.
मिसो सूप, भाजलेला मासा. दोष आढळला नाही.

११ मे
पानं उलगडली. कडा दातेरी, देठ लालसर. एक पान चुरगळून पाहिलं. काकडीचा वास. स्पष्ट.

१४ मे
दोन फांद्यांच्या शेंड्याची कोवळी पानं नाहीत.
गोगलगाय नव्हे, ती भोकं पाडते. हरीणही नव्हे. हरीण ओरबाडतं, देठाला धागे राहतात. इथे देठ स्वच्छ तुटले आहेत. हे बोटांनी खुडलेलं आहे, आणि सवय असलेल्या बोटांनी.
म्हणजे माणूस.
रात्रीच्या जेवणाला काकूंचा टेंपुरा. कसलीशी पालेभाजी पिठात बुडवून तळलेली, हलकी, कुरकुरीत. काकडीचा वास आला. डब्यात काकडी नव्हती. तेलाचा दोष असावा. काकूंना वाईट वाटेल म्हणून बोलले नाही.

१७ मे
समोरचे श्री. फुनाकी. वनखात्यातून निवृत्त, एकटे राहतात. आज गल्लीत उभे राहून भिंतीकडे बघत होते. मला पाहून म्हणाले, काय म्हणते वेल? वेलीची चौकशी तोच करतो ज्याने तिचं काहीतरी केलेलं असतं.
त्यांच्या खिशात बागेची कात्री होती. आमचे देठ कात्रीचे नाहीत, हे खरं. पण हुशार माणूस जवळ कात्री असताना मुद्दाम बोटं वापरेल.

२० मे
आणखी चार फांद्या.
डबा: पालेभाजी उकडून, वर कुटलेले तीळ. पुन्हा तोच काकडीचा वास. दोनदा घेतलं. काकू म्हणाल्या, आवडलं ना, उद्या आणखी आणते. मी विचारलं, ही भाजी कुठून आणता? म्हणाल्या, कुठून म्हणजे? इथूनच, भिंतीच्या कडेने.
फार मोघम उत्तर. या गावात कोणी नीट माहिती देत नाही.

२४ मे
भिंतीसमोर कॅमेरा बसवला. हालचाल झाली की आपोआप सुरू होतो. जंगलातली अस्वलं मोजायला वापरतात तसला.

२७ मे
चित्रण तपासलं. एक कोल्हा. श्री. फुनाकी, मान वर करून, बराच वेळ, हात पाठीमागे. हातात काय होतं ते दिसत नाही. तोगाशी काकू, चाळण घेऊन. त्या रोजच्याच, म्हणून तेवढा भाग पुसून जागा मोकळी केली.
निष्कर्ष: फुनाकी.
हेतू कळत नाही. बहुधा सावागुचींशी संगनमत असावं. वेल फुलली नाही की भिंत रंगवायला मोकळी.

२ जून
रविवारी मोहल्ल्याची गटारं साफ करायची आहेत, सगळे येतील. तिथेच पुरावा मांडायचा. आवाज चढवायचा नाही, नाव शेवटी घ्यायचं. आरशासमोर दोनदा वाचून पाहिलं. पटण्यासारखं आहे.
काकू म्हणाल्या, चेहरा असा का झालाय? म्हटलं, काही नाही. म्हणाल्या, तुझं काही नाही म्हणजे पोतंभर असतं. तरीही सांगितलं नाही. डब्यात पुन्हा टेंपुरा. तेल बदलायला हवं.

८ जून
गटारं झाली. चहाच्या वेळी उभी राहिले आणि मांडलं. खुडलेले देठ, तारखा, श्री. फुनाकींचं भिंतीपाशी उभं राहणं.
श्री. फुनाकी म्हणाले, वरच्या फांद्या बर्फाने मोडल्यात का ते बघत होतो. आणि पानं चोरून मी करू काय, बाई? माझे दात तर रात्री पेल्यात असतात.
लोक हसले. मी म्हटलं, हसण्यावारी नेऊ नका. ही साधी पानं नाहीत, चुरगळली तर काकडीचा वास येतो, ओळखायला सोपी आहेत. ज्याच्या घरात तो वास असेल, तो चोर.
काकूंनी कप खाली ठेवला. म्हणाल्या, अगं, ती तर मी नेते. आणि तू खातेस.
श्री. फुनाकी म्हणाले, वा! चोरीचा माल पोटात आणि फिर्याद तोंडात.
ती वेल काकूंच्या यजमानांनी डोंगरावरून आणून लावली होती. वसंतात रानभाजीला जंगलात गेलं की अस्वलाची भीती, म्हणून बायकोला दाराशीच कोवळा पाला मिळावा यासाठी. मी गावात यायच्या कितीतरी आधीपासून काकू तिथूनच भाजी खुडतात. हे सगळ्या मोहल्ल्याला माहीत होतं.
मग मी सावागुचींची अट सांगितली. काकू म्हणाल्या, हे एप्रिलमध्ये बोलली असतीस तर मी एका पानाला हात लावला नसता. ते गेले, आता त्यांचं एवढंच उरलंय गं. चहा अर्धा टाकून घरी गेल्या.
नोंद: माझी निरीक्षणं सगळी बरोबर होती. फक्त निष्कर्ष चुकला.

९ जून
डबा नाही. पानं सगळी जागेवर.

१५ जून
पानांची हानी शून्य. अभ्यासाच्या दृष्टीने हा आठवडा सर्वांत समाधानकारक.
जेवण: ब्रेड, दूध. दुधात दोष नाही.
मी डब्याची वाट पाहत नाही. दाराशी उभी होते कारण तिथे वाचायला उजेड चांगला येतो.

१९ जून
सकाळी कोणीतरी दोनदा बेल वाजवली. उघडलं नाही. श्री. फुनाकी असणार. माफीची मागणी असणार. देणार आहेच, पण माझ्या सोयीने, आणि लेखी.

२६ जून
फिती बांधलेल्या फांद्यांवर एकही कळी नाही. पानं भरपूर, हाताला चामड्यासारखी. निबर झाली आहेत. आता ती कोणी खुडणार नाही.
काकूंच्या खिडकीत आठवडाभर दिवा नाही. मी दिसू नये म्हणून अंधारात बसत असाव्यात. इतकं कशाला? वेलीचं नुकसान झालं ते माझंही आहे.
संकल्प: सावागुचींकडे आणखी एक वर्ष मागायचं. कारण द्यायचं, मातीचा आम्लपणा. त्यांना त्यातलं कळत नाही.

४ जुलै
सावागुची आले. मी आम्लपणापासून सुरुवात केली. ते भिंतीकडे बघून म्हणाले, नाहीच ना आलं फूल? तेवढ्यात समोरच्या वरच्या मजल्यावरून श्री. फुनाकींनी हाक मारली, अहो मालक, तिथे नाक घासत काय उभे आहात, वर या. त्या बाईंनाही आणा.
वर गेलो. त्यांच्या खिडकीतून गोदामाचं छप्पर दिसतं. वेल भिंतीच्या कडेवरून पलीकडे गेली आहे आणि छपराचा तो सगळा उतार फुलांनी भरला आहे. मधे बारीक कणीदार फुलं, भोवती मोठ्या पांढऱ्या पाकळ्यांचं कडं. भुंगे.
श्री. फुनाकी म्हणाले, दरवर्षी येतात. वर ऊन मिळतं ना. खालच्या सावलीतल्या फांद्यांना कुठली फुलं? तिथे पालाच.
सावागुची म्हणाले, घ्या, मग राहू दे. फोटो काढून गेले.
म्हणजे खालची पानं खुडली काय, न खुडली काय, फुलांना फरक पडत नव्हता. वेलीला कधीच धोका नव्हता. मी मात्र तीन वर्षं भिंतीला नाक लावून उभी होते. वरचा भाग अभ्यासाबाहेर होता, हे मी आधीच लिहून ठेवलं आहे. पद्धतीत दोष नाही.

५ जुलै
तीन मुद्द्यांचं निवेदन लिहून काकूंकडे गेले. दुसऱ्या मुद्द्यात माफी होती. दाराला कुलूप.
श्री. फुनाकी पायरीवर मुळे धूत बसले होते. म्हणाले, वहिनी असाहिकावाला गेल्या लेकीकडे. गुडघ्याचं ऑपरेशन. बर्फ पडायच्या सुमाराला येतील. जायच्या दिवशी दोनदा तुमची बेल वाजवली म्हणे. आत होतात ना?
मी म्हटलं, रागावून गेल्या का? म्हणाले, रागावून कशाला? ही पोरगी आता खाईल काय, हाच घोर. माझ्यामागे लागल्या, फुनाकी, तिला जेवायला बोलव. मी म्हटलं, वहिनी, मी बोलावलं की ती पोलीस बोलावेल. म्हणून दोन आठवडे गप्प होतो. आज संध्याकाळी या.
विचारलं, कसली भाजी आहे?
म्हणाले, चोरीची नाही.
विचार करून सांगते, म्हटलं. निवेदन परत आणलं. खालच्या फांद्यांच्या निळ्या फिती सोडवल्या. मग गेले.
सूप खारट होतं. मी बोलले नाही. भांडी मी घासली.