कुठला अ‍ॅलेक

ग्लासगो
६ ऑक्टोबर १९७५

ती. एल्सीआत्यास,
इशबेलचा सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि लोकरीचे मोजे दोन्ही पोचले. ते मोजे घालूनच मी परवापासून बातम्या वाचते आहे. आमच्या वाचायच्या खोलीत बारीकसाही आवाज चालत नाही, म्हणून बातम्यांच्या वेळी हीटर बंद ठेवतात. ऐकणाऱ्यांना वाटत असेल बाई काय थाटात बसली आहे, आणि बाईचे पाय गारठलेले.

तर हो, तू ऐकलंस ते खरं आहे. रेडिओवरच्या दुपारच्या बातम्या आता माझ्याकडे आल्या. इतकी वर्षं मासळीचे आणि मेंढ्यांचे भाव वाचले, वादळाचे इशारे वाचले, त्याचं चीज झालं म्हणायचं. आमचे संपादक रेंटनसाहेब म्हणाले की, उन्हाळ्यापर्यंत असंच नीट चाललं तर टीव्हीवरच्या संध्याकाळच्या बातम्यांसाठी माझी चाचणी घेऊ. माझे उच्चार मात्र त्यांनी भांडं घासावं तसे घासले आहेत. तोंडातलं ते गावचं पोर्टगार्व्ही काढून टाका, असं रोज ऐकवतात. मी मान डोलावते आणि खोलीवर आले की एकटीच आपल्या बोलीत शिव्या देऊन घेते.

नियमही कडक आहेत. कागदावर असेल तेवढंच वाचायचं, पदरचा एक शब्द घालायचा नाही. कोणी दगावलं तर पोलिसांनी घरच्यांना कळवल्याखेरीज नाव सांगायचं नाही. आणि बोटीचं नाव तर मालकाच्या परवानगीशिवाय कधीच नाही.

बाबा ऐकतात का गं? त्यांना विचारायची माझी हिंमत नाही. तू हळूच बघून कळव. अ‍ॅलेकला म्हणावं, बहिणीला दोन ओळी लिहिल्याने समुद्र आटत नाही.

माया आहे तशी असू दे. 
तुझी 
इशबेल


पोर्टगार्व्ही
१५ ऑक्टोबर १९७५

चि. इशबेल हिला आत्याचे आशीर्वाद, आणि मोज्यांची पोच इतक्या उशिरा दिल्याबद्दल एक धपाटा.

तुझे बाबा ऐकतात तर! वेळ झाली की जाळं दुरुस्त करायचं टाकून उठतात, हात पुसतात, रेडिओ लावतात आणि चर्चमध्ये बसल्यासारखे ताठ बसतात. मधे कोणी बोललं की डोळे वटारतात. संपलं की दर वेळी एकच म्हणतात, की जमीनदारीणबाई बोलून गेल्या. पण परवा पोस्टातली बेला तुला नावं ठेवायला लागली, तर तिच्याशी असे भांडले की तिकिटं न घेताच परत आले.

अ‍ॅलेक लिहील याची आशा सोड. परवा धक्क्यावर डब्याचं झाकण तोंडापुढे धरून त्याने तुझी नक्कल केली. हॅडक मासळीचे भाव असे काही सांगितले की राणीसरकारचा निरोप वाटावा. बोटीवरची सगळी माणसं हसून लोळली. नक्कल करतो, पण तुझी बातमी चुकवत नाही. हे त्याला सांगू नकोस, मला खाऊन टाकेल.

एक मात्र मला खटकतं. शेवटी नुसतं 'इशबेल फ्लेट' म्हणतेस. अगं, आपल्या गावात डोळे मिटून खडा मारला तरी फ्लेटलाच लागेल. घराचं नाव घेतल्याशिवाय कोणाला काय कळणार? एकट्या अ‍ॅलेक फ्लेटचं बघ, कागदोपत्री सगळेच अलेक्झांडर. कोस्टींचा आपला, शिवाय बोसींचा, शेवींचा आणि लाटिनांचा. मतदारयादीतसुद्धा घराचं नाव छापतात, नाहीतर एकाचं मत दुसराच देऊन मोकळा होईल. तू इशबेल फ्लेट कोस्टी आहेस. ग्लासगोला ते चालत नसेल, पण तुझ्या बाबांना ते ऐकायला आवडलं असतं.

थंडी सांभाळ. पोटभर खा. आठवण ठेव एवढीच मागणी. 
तुझी 
एल्सीआत्या


पोर्टगार्व्ही
२१ नोव्हेंबर १९७५

इशबेल,

आशीर्वाद लिहायला हात उचलत नाही, तरी लिहिते. तुझ्यासाठी मागणं तेच आहे.

मंगळवारच्या वादळात आपल्या सगळ्या बोटी पश्चिमेला मॅलेगच्या बंदरात आसऱ्याला गेल्या होत्या, हे तुला ठाऊकच आहे. दुपारी तू बातमी दिलीस. मॅलेगला धक्क्याच्या शिडीवरून पडून पोर्टगार्व्हीचा अलेक्झांडर फ्लेट बुडाला, घरच्यांना कळवण्यात आलं आहे. एवढंच. मग तू हवामान सांगितलंस.

गेला तो बोसींचा अ‍ॅलेक. त्याची बायको नेटा त्या आठवड्यात माहेरी होती, पोलिसांनी तिला तिकडे सांगितलं. इकडे गावात कोणाला पत्ता नव्हता. शेवींच्या म्हातारीने रेडिओ ऐकला आणि तिथेच खाली बसली. लाटिनांची सून मासळीच्या शेडमध्ये होती, हातातली सुरी टाकून पावसात अनवाणी पळत घरी आली. आणि तुझ्या बाबांनी काय ऐकलं ते मी वेगळं सांगायला हवं का? त्यांनी आपल्या मुलाचं मरण मुलीच्या तोंडून ऐकलं. मी आले तेव्हा ते रेडिओपुढे उभे होते आणि तू कोबीचे भाव वाचत होतीस. मला म्हणाले की तिचा आवाज जरासुद्धा हलला नाही गं, एल्सी.

दोन तासांनी अ‍ॅलेकचा फोन पोस्टात आला. तो धडधाकट आहे. ते सांगायला बेला धावत आली, आणि तिच्याच तोंडून दुसरीही गोष्ट निघाली. बातम्यांच्या आधी तू तिला फोन केला होतास. कुठला अ‍ॅलेक, असं विचारलं होतंस. तिला मॅलेगहून कळलेलं होतं, तिने बोसींचा म्हणून सांगितलं. गावात सांगणं पाद्रीबाबांचं काम म्हणून ती गप्प बसली आणि तू फोन ठेवलास.

म्हणजे स्वतःपुरतं तू विचारून घेतलंस, इशबेल. आम्हाला मात्र सांगितलं नाहीस. गाव तुझ्यावर रागावलं आहे, ते निवळेल. पण तुझ्या बाबांनी रेडिओ उचलून माझ्या घरी आणून ठेवला आहे, आणि नवीन वर्षाला तिला घरी बोलावू नकोस म्हणाले. मी पुष्कळ समजावलं. ते ऐकत नाहीत.

आत्या


ग्लासगो
२५ नोव्हेंबर १९७५

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझ्या पत्रातला एक शब्दही मला खोडता येत नाही. त्या दिवशी बातमीचा कागद हातात आला तशी मी आधी बेलाला फोन लावला. बेलाने बोसींचा म्हटल्यावर एकदम हायसं वाटलं. दुसऱ्याच्या नवऱ्याच्या मरणाने हायसं वाटलं, आणि त्या हायशातच मी वाचून गेले, म्हणून आवाज हलला नाही. तीन घरांत त्या वेळी काय होणार हे माझ्या डोक्यातही आलं नाही. मी पोर्टगार्व्हीची, आणि मला सुचलं नाही. नेटाला मी वेगळं पत्र लिहिलं आहे. तिने ते वाचायलाच हवं असं नाही.

तुझं पत्र आल्यावर तशीच उठून रेंटनसाहेबांकडे गेले. आमच्या किनाऱ्यावरच्या माणसाचं नाव सांगताना घराचं नावही सांगायला हवं, असं म्हटलं. ते माणूस म्हणून वाईट नाहीत, पण हसले. म्हणाले की टोपणनावं गुत्त्यात ठीक, मृत्यूच्या बातमीत शोभत नाहीत. सगळा देश ऐकतो, लोक खिदळतील, मेलेल्याची अब्रू जाईल. मी सांगितलं की ते टोपणनाव नव्हे, थडग्यावर कोरतात ते. त्यावर त्यांनी चष्मा काढून पुसला आणि म्हणाले की पदरचा शब्द ज्या दिवशी घालाल, त्या दिवशी टीव्हीचं विसरा.

टीव्हीचं मला काही वाटत नाही असं लिहिलं तर ते खोटं होईल. वाटतं. फार वाटतं. मासळीच्या शेडमधून इथवर आले आहे मी, आत्या.

बाबांना काय सांगू? मी सुखरूप आहे एवढंच सांग. नवीन वर्षाला येत नाही. त्यांनी ये म्हटल्याशिवाय त्या उंबऱ्यावर पाय ठेवणार नाही. पण तू एकदा त्यांना विचारून बघ ना, निदान ईस्टरला तरी?

तुझ्या मनात थोडी जागा ठेव. 
इशबेल


पोर्टगार्व्ही
८ जानेवारी १९७६

चि. इशबेलला आत्याचे आशीर्वाद, या वेळी मनापासून.

नवीन वर्ष आलं आणि गेलं. वर्षाचं पहिलं पाऊल उंबऱ्यात टाकायला आपल्या घरी शेवींचा अ‍ॅलेक आला, शकुनाचा कोळसा आणि केक घेऊन. तुझ्या बाबांनी त्याला व्हिस्की दिली, स्वतः घोटभर घेतली आणि लवकर निजायला गेले. ईस्टरचं मी विचारलं. नाही असं काही म्हणाले नाहीत. मी त्यालाच धरून बसले आहे.

रेडिओ माझ्याकडे आहे. अ‍ॅलेक किनाऱ्यावर असला की बातम्यांच्या वेळी माझ्या चुलीपाशी येऊन बसतो. तुझी बाजू घेऊन तो बाबांशी भांडला. म्हणाला की ती चुकली, पण मी बुडालो तर दुसऱ्या कोणी वाचण्यापेक्षा तिनेच वाचावं. बाबांनी त्याला असं बोलू नकोस म्हणून झापलं. खलाशाने असं बोलू नये हे खरंच, पण त्याला कोण शिकवणार? तुला तो लिहिणार होता. कागद मागून नेला आहे, पुढचं देव जाणे.

पोटाला नीट खा. विसरू नकोस. 
आत्या


ग्लासगो
१९ फेब्रुवारी १९७६

ती. आत्या,

नमस्कार लिहिते आहे, पुढचं कसं लिहू कळत नाही.

तुझा फोन आला तेव्हा मी टेबलाशी होते. तू एवढंच म्हणालीस की आपला गेला गं, लाटेने नेला, पोलिसांचा फोन पोस्टात आला कारण बर्फाने रस्ता बंद आहे, पाद्रीबाबाही पोचू शकत नाहीत, आता मीच तुझ्या बाबांना सांगायला जाते. मग लाईन तुटली. थोड्या वेळाने शिपायाने दुपारचा कागद आणून ठेवला. त्यात होतं की पोर्टगार्व्हीचा अलेक्झांडर फ्लेट समुद्रात बेपत्ता, शोध थांबवला, घरच्यांना कळवण्यात आलं आहे. बोट अजून किनाऱ्याला लागलेली नाही.

रेंटनसाहेब आले. माझ्या तोंडाकडे बघून त्यांच्या लक्षात आलं. खांद्यावर हात ठेवून म्हणाले की तुम्ही घरी जा, आज दुसरं कोणी वाचेल. त्यांच्या मनात माझं भलंच होतं. मी विचारलं की ते घराचं नाव वाचतील का? ते म्हणाले की या घडीला तरी तो विषय नको. मग मी म्हटलं, मीच वाचणार. शेवींची म्हातारी ऐकत असेल, लाटिनांची सून शेडमध्ये असेल, दोघींचीही माणसं आज समुद्रावर आहेत. दुसरं कोणी वाचलं तर त्या दोघी पुन्हा मरतील. साहेब दारातून बाजूला झाले. हो म्हणाले नाहीत, अडवलंही नाही.

मी वाचलं. अलेक्झांडर फ्लेट, कोस्टी, पोर्टगार्व्हीचे. कोस्टी दोनदा म्हटलं, कोणाच्या कानातून सुटू नये म्हणून. आवाज सांभाळायचा खूप प्रयत्न केला. हवामान वाचून झाल्यावर बाहेर आले, मग काय झालं आठवत नाही. संध्याकाळी साहेबांनी सांगितलं की वरून फोन आला होता, टीव्हीची चाचणी आता दुसऱ्या मुलीची होईल. मी बरं म्हटलं. आज त्याने काही दुखलं नाही, उद्या दुखेल बहुतेक.

आत्या, मला घरी यायचं आहे. माझा भाऊ गेला आणि मी इथे परक्या खोलीत बसले आहे. पण बाबांनी दोनदा मुलगा गमावला, आणि दोन्ही वेळा बातमी वाचणारी मीच. माझं तोंड बघवेल का त्यांना? येऊ की नको एवढंच विचारून कळव. नको म्हणाले तरी कळव.

इशबेल


पोर्टगार्व्ही
२३ फेब्रुवारी १९७६

चि. इशबेलला बाबांचा आशीर्वाद.

तुझं पत्र एल्सीने दाखवलं. उत्तर मीच लिहितो म्हणालो. माझं अक्षर तुला लागेल तसं वाच.

एल्सी सांगून गेली त्यानंतर मी तिच्या घरून रेडिओ परत आणला. ती अडवत होती. मला ऐकायचं होतं तू काय म्हणतेस ते. रेडिओ मोठ्याने लावला आणि दारात येऊन उभा राहिलो. समोर शेवींच्या खिडकीत म्हातारी तोंडावर हात धरून उभी होती, तिचाही रेडिओ चालू होता. तू अलेक्झांडर फ्लेट म्हणालीस तेव्हा तिने डोळे मिटले. तू कोस्टी म्हणालीस तेव्हा उघडले आणि माझ्याकडे पाहिलं. मग ती डोक्यावर शाल घेऊन बर्फातून आपल्या घरी आली. तिच्या मागोमाग शेडमधून लाटिनांची सून आली. नोव्हेंबरात बोसींकडे पहिल्या दिवशी कोणी गेलं नव्हतं, जो तो आपापल्या घरात रडत होता. आपलं घर मात्र त्याच दुपारी बायकांनी भरलं. कोणी चूल पेटवली, कोणी सूप केलं. मला एकटं सोडलं नाही.

तुझा आवाज दुसऱ्या वेळी कोस्टी म्हणताना फाटला. गेल्या खेपेला फाटला नाही म्हणून मी रागावलो होतो. या वेळी वाटलं, पोरीला कोणीतरी हात द्यायला हवा आणि मी इतक्या लांब. मी चुकलो, इशबेल. मुलगा एक होता, मुलगीही एकच आहे, आणि मी तिला थंडीत बाहेर ठेवलं.

त्या टीव्हीचं ऐकलं. तू परत जाशील तेव्हा रेडिओवरच वाच, आम्ही ऐकतो.

आता ये. रेल्वेची लाईन उघडली आहे. मी स्टेशनवर असेन, नसलो तर पाय दुखत असेल, तू सरळ घरी ये. अ‍ॅलेकचे बंदरावरचे बूट दारात मधोमध आहेत, त्याने नेहमीसारखे टाकले तसे. मी त्यांना हात लावलेला नाही, तूही लावू नकोस. बाजूने आत ये.

तुझे 
बाबा