कूलर आणि तुमचा रेडिओ

बाबा,

तुमचा पत्र्याचा कूलर अजून चालतो. अकोल्याहून अमरावतीला घर हलवलं तेव्हा सगळे म्हणाले, भंगारात द्या. मी ऐकलं नाही. हिवाळाभर तो गच्चीवर झाकून असतो, उन्हाळा लागला की हॉलच्या खिडकीपाशी. आणि दर उन्हाळ्यात आमच्या घरचं नेट तुटतं. मी दरवेळी कंपनीवर खापर फोडून मोकळा.

यंदा तुमच्या नातीची मुलाखत होती, पुण्यातल्या नोकरीची, घरूनच लॅपटॉपवर. आधीच्या दोन हुकल्या होत्या, त्यामुळे पोरगी धास्तावलेली. आदल्या दिवशी मैत्रिणीला व्हिडिओ कॉल लावून पाहिला, तर चित्र जागीच थिजलं. मी तणतणत तक्रारीचा फोन लावला, तर पोरगी म्हणते, "बाबा, हिवाळ्यात तुटते का कधी नेट? काहून उन्हाळ्यातच तुटते?" मी कूलरकडे पाहतच राहिलो. तार खिडकीतून येते म्हणून राऊटर खिडकीतल्या फळीवर, आणि त्याच्या पुढ्यात हा टाकीभर पाणी घेऊन उभा. पत्रा आणि पाणी, दोन्ही लहरींना अडवतात. लांब तार आणून राऊटर उंचावर, तिच्या खोलीच्या दाराशी लावला. ज्या चॅनलवर शेजारच्या राऊटरांची गर्दी होती, तोही तिनं बदलला. कॉल लागला, टिकला.

मला मात्र अकोल्याची दुपार आठवत होती. आम्ही भावंडं ओळीनं आडवी. तुम्ही ड्यूटीवरून येता, रेडिओ लावता, आणि कूलरच्या मोटरीमुळे त्यात नुसती खरखर. आई विचारते, "बंद करू का कूलर?"

"राहू दे वं. पोट्टे झोपून राह्यले. बातम्या काय, उद्या पेपरात येतेत."

मग तुम्ही रेडिओ कानाशी धरून त्या खरखरीतूनच काय मिळेल ते ऐकता. मी जागाच असायचो, बाबा.

मुलाखतीच्या वेळी कूलरचा आवाज माइकमध्ये जाऊ नये म्हणून मी तो बंद केला आणि दाराबाहेर घामाघूम बसून राहिलो. तुमची फार आठवण आली. तिला नोकरी मिळाली. आता ती पुण्याहून बोलते तेव्हा चित्र जरासुद्धा अडकत नाही, आणि घर खायला उठतं.

हे पत्र कुठे टाकणार? एक गोष्ट घरात कुणाला सांगितलेली नाही. दुपारी कूलर सुरू करून मी तुमचा रेडिओ लावतो. बंद खोलीत, कानाशी धरून. बातम्या लागतात, पण मी खरखरच ऐकत बसतो.