पौष वद्य पंचमी

रामघाट, वाराणसी
गुरुवार, ६ नोव्हेंबर २०२५

चि. मालू,

रामघाटावरून दादाचे आशीर्वाद. रोज फोन होत असताना हा माणूस कागद का खराब करतोय, असं तुला वाटेल. सांगतो. आधी इकडचं ऐक.

काल देवदीपावली झाली. दुपारपासूनच गल्लीत मुंगीला शिरायला जागा नव्हती. पुराचा गाळ खालच्या पायऱ्यांवर अजून तसाच आहे, लोकांनी त्यावरच पणत्या लावल्या. तुझ्या वीणावहिनीचा गुडघा पुन्हा धरला आहे. डॉक्टर म्हणतो चढउतार करू नका, म्हणजे काशीत राहूच नका. आमचा शार्दूल बंगळुरात मजेत आहे. मी मराठीत विचारतो, तो हिंदीत उत्तर देतो आणि दोघांचंही समाधान होतं. पाठशाळेत यंदा सोळा विद्यार्थी आहेत. माझा आवाज बसला आहे, पण संथा चालू आहे.

स्वरदाच्या बाळाचं बारसं ठरलं की कळव. मला यायला जमेल की नाही ते मात्र या पत्रावर अवलंबून आहे. म्हणजे तू बोलावशील की नाही, यावर.

दसऱ्याला तू फोनवर विचारलंस, "इसरारभाईंच्या केसचं काय रे? तू एवढं छातीठोक सांगूनही ते लोक ऐकत नाहीत म्हणजे काय!" मी म्हटलं, गंगेवरून वारा फार आहे, नीट ऐकू येत नाही. वारा नव्हता मालू. मी देवघरात बसलो होतो.

त्याआधी, स्वरदाच्या लग्नात, तू मला व्याह्यांसमोर उभं केलंस आणि म्हणालीस, "हा माझा दादा. आमच्या पोथ्या बांधणाऱ्या जिल्दसाजाला दहशतवादी म्हणून उचललं, तेव्हा अख्ख्या घाटावर हा एकटा पोलिसांसमोर खरं बोलला." सगळे माझ्याकडे बघत होते. मी मान खाली घालून मठ्ठा पीत राहिलो. लोकांना तो विनय वाटला. मी वर आणखी एक जिलबीही घेतली. ती जिलबी मला अजून आठवते.

हे फोनवर सांगता आलं नसतं. तू मध्येच "अरे जाऊ दे दादा" म्हणाली असतीस आणि मी लगेच जाऊ दिलं असतं. मला मी ओळखतो.

तो दिवस तुला माझ्याइतकाच पाठ आहे. आबांचं श्राद्ध, पौष वद्य पंचमी. तू नाशिकहून आमसुलं घेऊन आली होतीस. खाली वेणीमाधवशास्त्री आणि दुसरे दोघे ब्राह्मण पानावर बसलेले आणि वर माडीवर, दार ओढून, इसरार आबांच्या भिजलेल्या पोथीची पानं लावत होता. सकाळी दहाला मागच्या दाराने आला, चारला गेला. आबा गेल्यापासून दर वर्षी तो असाच यायचा. पानं मागेपुढे होऊ नयेत म्हणून आबांनीच त्याला नागरी शिकवली होती, आणि जाताना आपल्याला सांगून गेले होते की इसरार जेवल्याशिवाय माझं श्राद्ध पुरं झालं असं समजू नका. आपण ते पाळलं, पण चोरून पाळलं. शास्त्रीबुवांना कळलं असतं तर ते आपल्या घरी पुन्हा पाण्यालाही थांबले नसते, आणि पाठशाळेत माझी गादी त्यांच्याच शब्दावर होती. ब्राह्मण गेल्यावर, तीनच्या सुमाराला, तूच त्याचं ताट वर नेलंस. त्याने आमसुलाची चटणी तीनदा मागून घेतली.

त्याच दुपारी एक वाजता स्टेशनबाहेर कुणीतरी स्फोटकांची पिशवी ठेवली. ती फुटली नाही, ईश्वराची कृपा. दुसऱ्या दिवशी तू गाडीत बसलीस. चार दिवसांनी इसरारला दुकानातून नेलं.

इथपर्यंतचं तुला माहीत आहे. पुढचं मी तुला जे सांगितलं ते खोटं होतं.

पोलिसांच्या खास पथकातला एक अधिकारी लखनौहून आला होता. पोरगेलासाच, तिशीचा. दाराशी बूट काढले, नमस्कार केला. ओरडला नाही, धमकावलं नाही. त्याच्या हातात पंचांग होतं. तू हसशील, पण खरंच होतं, गल्लीच्या तोंडाशी मिळतं तसलं.

म्हणाला, "पंडितजी, इसरार कहता है, उस दिन वो आपके यहाँ था। आपके पिताजी का श्राद्ध था, पूस बदी पंचमी। आपके यहाँ श्राद्ध इसी तिथि को होता है?"

मी म्हटलं, "हाँ।"

"लेकिन पूस बदी पंचमी तो महीना भर पहले निकल गई। छह जनवरी को तो माघ बदी पंचमी थी।"

मालू, त्याचं पंचांग बरोबर होतं. इकडच्या लोकांचा महिना पौर्णिमेला संपतो, आपला अमावास्येला. वद्य पक्षात ते आपल्यापुढे एक महिना असतात. त्यांचा माघ, तो आपला पौष. इसरार तीस वर्षं आपल्या घरात वावरला, तिथी आबांच्या तोंडून शिकला, म्हणून कोठडीतही त्याने आपल्या घरची तिथी सांगितली. बिचाऱ्याला वाटलं असेल, पंडितजींच्या घरची तिथी कोण खोटी ठरवणार!

एका वाक्याचं काम होतं. मी जन्मभर यजमानांना हेच समजावत आलो आहे. नागपूरचे, पुण्याचे लोक घाटावर येऊन गोंधळतात आणि मी हसत हसत त्यांना सांगतो. त्या दिवशीही ते वाक्य तोंडात आलं होतं. तेवढ्यात वेणीमाधवशास्त्री समोरच्या जिन्यावरून उतरताना दिसले. तिथीचा घोळ सोडवला असता तर पुढचा प्रश्न हाच होता की मग तो घरात होता का. आणि शास्त्रीबुवा दहा पावलांवर होते.

मी गप्प बसलो.

तो म्हणाला, "पक्का, पंडितजी? सोच लीजिए।" संधी दिली त्याने मला, दुसऱ्यांदा.

मी म्हटलं, "पक्का।"

त्याने लिहून आणलेल्या कागदावर सही घेतली. त्यात एवढंच होतं की माझ्या वडिलांचं श्राद्ध पूस बदी पंचमीला असतं. त्यात खोटं काहीच नव्हतं. या एका गोष्टीवर मी कित्येक महिने निवांत झोपलो. शास्त्रीबुवा जवळ येऊन म्हणाले, "काय रे विश्वेश, कशाला आले होते हे?" मी सांगितलं, "काही नाही, तिथी विचारायला."

रात्री तुझा फोन आला, "दादा, सांगितलंस ना?" मी म्हटलं, सांगितलं. तुझा पत्ताही मीच त्यांना दिला नाही, उगाच तुला त्रास नको म्हणून, असं तुला म्हणालो. त्रास मला नको होता.

आता वर्षं आठ होत आली. तिथीच खोटी निघाली म्हणून त्याच्या बाकीच्या बोलण्यावरही कुणी विश्वास ठेवला नाही, जामीन तीनदा नाकारला. शास्त्रीबुवाही दोन वर्षांपूर्वी गेले, म्हणजे ज्यांना मी भ्यालो ते तर केव्हाच नाहीत, आणि तरी मी गप्पच होतो. वीणाने मला कधी एका शब्दाने विचारलं नाही. पण दर श्राद्धाला ती माडीवर एक पान वाढते आणि संध्याकाळी तसंच खाली आणते. दुखऱ्या गुडघ्याने. तू सासूबाईंच्या आजारपणामुळे या वर्षांत श्राद्धाला आली नाहीस, नाहीतर तिच्या तोंडाकडे बघूनच तुला सगळं कळलं असतं.

गेल्या सोमवारी इसरारची मुलगी शगुफ्ता आली. तीच, जी तुझ्या मांडीवर बसून लाडू खायची. आता वकिलाकडे काम करते. मी दारातच उभा राहिलो, तिला आत ये म्हणायचंही सुचलं नाही. ती म्हणाली, "अब्बा को आपसे कोई शिकायत नहीं है। वो कहते हैं, पंडितजी को पुलिस ने बहुत डराया होगा, तभी साइन किया।" आणि कोर्टाचा एकोणीस तारखेचा कागद माझ्या हातात दिला. बचाव पक्षाचा साक्षीदार म्हणून माझं नाव आहे.

मालू, तो आठ वर्षं आत बसून माझी बाजू सावरतोय! लाज काय असते ते मला त्या दारात कळलं. रागावला असता तर मी काहीतरी उत्तर शोधलं असतं.

ती गेल्यावर मी माडीवर जाऊन ती पोथी काढली. आठ वर्षांत तिला हात लावला नव्हता. शेवटच्या पानाखाली इसरारने कोरी पट्टी जोडली आहे. त्यावर आबांनी लावलेल्या शिस्तीप्रमाणे पेन्सिलीने लिहिलं आहे: "पन्ने १ से ८४ पूरे। पूस बदी पंचमी, ६ जनवरी २०१८। इसरार।" तिथी आणि तारीख शेजारी शेजारी. हे माझ्या डोक्यावर, माझ्याच कपाटात होतं.

एकोणीसला मी पोथी घेऊन जाणार आहे. महिन्याचा हिशेब सांगणार आहे, माडीचं सांगणार आहे आणि मी गप्प का बसलो तेही. पण माझा भरवसा मला नाही. समोर वकील उभा राहिला, मागे आपल्या गल्लीतले लोक दिसले, तर माझी जीभ पुन्हा टाळूला चिकटेल. म्हणून तू ये. ताट तू नेलं होतंस. हे पत्र बरोबर आण आणि मी अडखळलो तर शगुफ्ताच्या हातात दे. व्याह्यांनाही वाचून दाखव. त्यांना फार चुकीचा माणूस दाखवला गेला आहे.

येताना आमसुलं आण. तो सुटेल की नाही मला माहीत नाही, पण घरात असू देत.

आशीर्वाद वर लिहिले आहेत, ते तुला घ्यावेसे वाटले तर घे. हा मजकूर मी पुन्हा वाचला, खरा आहे. लिहिताना माझ्यावर कोणाचा दबाव नाही. तेव्हाही नव्हता.

विश्वेश दत्तात्रेय मुळ्ये
राहणार रामघाट, वाराणसी