घाण्यावर सोयाबीन

इंदूर, १८ मे १९९८

ती. बाबांस दोन्ही हात टेकून नमस्कार. वि. वि.

परत तेच लिहिलंत. म्हणे खुरासणी वाडवडलांची, डोंगराला तीच शोभते. शोभून काय करायचं? एकराला दीड पोतं तेलबी! इथं आमच्या तेलाच्या कंपनीपुढं सोयाबीनच्या ट्रकांची रांग हटत नाय. ड्रायवर सांगतात, एकरी पाच पोती कुठं गेली नाहीत. सगळ्या देशात आता हेच तेलाचं पीक वाढतंय. सायखेड्याकडं पण पेरायला लागलेत. आपणच त्या काळ्या दाण्याला चिकटून बसलो.

यंदा उतारावर सगळं सोयाबीन टाका. मीनाचं लग्न फाल्गुनात धरलंय, हातात पैसा नको का? आणि मीनाला सांगा, बाबांचं बोलणं तिखट करून लिहीत जाऊ नको. आईला म्हणावं, मी पोटभर जेवतो.

माया पातळ होऊ देऊ नका.
तुमचा सावळीराम

पेठ, २ डिसेंबर १९९८

दादास मीनाचा नमस्कार. वि. वि.

तिखट मी घालत नाही, बाबांचंच असतं. तुझं ऐकून सोयाबीन टाकलं. आपल्या उतारावर पाच नाही, पण एकरी तीन पोती झालं. बाबा खूश होते. बाकीचं विकलं आणि दोन पोती माझ्या लग्नाच्या तळणासाठी राखली. व्याह्यांना शब्द दिलाय ना, पुऱ्या-पापड घरच्या तेलातले म्हणून.

काल ती पोती घेऊन बाबा सहादूकाकांच्या घाण्यावर गेले. काका म्हणाले, हे दाणे मी कधी गाळले नाहीत. बाबांनी ऐटीत सांगितलं, पोरगा तेलाच्या कंपनीत आहे, त्याला विचारून पेरलंय. दुपारपर्यंत बैल फिरला. तेलाचा थेंब नाही, नुसतं पीठ. काका म्हणाले, आता वऱ्हाडाला पिठलंच वाढा. घाण्यावरचे सगळे हसले, बाबाही हसले म्हणे. घरी येऊन मात्र एवढंच बोलले, "पोरगं तेलाच्या कंपनीत गेलं आणि घरातलं तेल बंद झालं." जेवले नाहीत.

आई दुकानातलं पुड्याचं तेल आणू म्हणते, बाबा ऐकत नाहीत. तेलाचं पीक असं लिहिलंस, ते तेल निघतं कसं हे लिहायला काय झालं होतं?

रागावले असले तरी तुझीच,
मीना

इंदूर, १४ डिसेंबर १९९८

ती. बाबांस वाकून नमस्कार. वि. वि.

मीनाचं पत्र वाचून आधी लय हसलो, मग हसू गेलं. मी गेटवर पोती उतरवतो, आत तेल कसं निघतं ते कधी बघितलंच नव्हतं. पत्र आल्यावर मुकादमाला विचारलं. दाणा चपटा करून कसल्याशा औषधात भिजवतात, तेव्हा कुठं शंभर किलोला अठरा किलो सुटतं. घाण्याच्या बापाला जमायचं नाय. ते पीठ बैलांना थोडं थोडं चारा.

मुकादम असंही म्हणतो, बाहेरदेशाचं पामतेल बोटी भरून येतंय, सोयाबीनचा भाव पडेल. म्हणून उतार परत खुरासणीला द्या, सोयाबीन खालच्या तुकड्यात. म्हणजे निम्मं तुमचं, निम्मं माझं.

आता सुरगाण्याच्या बाजारातून मणभर खुरासणी घ्या. बियाण्यापुरती बाजूला ठेवा, बाकीची सहादूकाकांकडंच गाळा, आणि बैल फिरेल तोवर तिथंच बसा. कोणी विचारलं, विकतची का, तर सांगा, पोराच्या हमालीची आहे. घरचंच तेल झालं ते. व्याह्यांना दिलेला शब्द मोडत नाय.

आईच्या पाया पडतो. जेवत जा.
तुमचा सावळीराम

ता. क. मनीऑर्डर आजच केली. रुपये आठशे पन्नास.