दादा प्यायलेला नव्हता

गाझियाबाद, १४ जून

प्रिय आई, जय भीम.

फोनवर तुला नीट ऐकू येत नाही, म्हणून लिहून कळवते. प्रफुल्लदादा आता बरा आहे. कालच हॉस्पिटलमधून घरी आणला. आज त्याने मागून घेऊन वरणभात खाल्ला.

बबनकाकांनी तुला सांगितलं ते खरं नाही. दादा ऑफिसात पिऊन आला नव्हता. गुडघा दुखतो म्हणून तो आठवडाभर दुकानातून दुखण्याच्या गोळ्या आणून घेत होता. त्यांच्यामुळे, मनाच्या आजारासाठी तो नेहमी घेतो त्या लिथियमचं रक्तातलं प्रमाण वाढलं, आणि त्यात इथला हा उन्हाळा. हात थरथरायला लागले, जीभ जड झाली, चालताना तोल जायला लागला. लोक हसले म्हणे. गार्डने त्याला गेटबाहेर बसवलं. मी पोचले तेव्हा एवढंच म्हणाला, "समता, मी घेतलेली नाही गं."

डॉक्टरबाई म्हणाल्या, वेळेवर आणलंत. पुन्हा रक्त तपासून तेच औषध कमी प्रमाणात सुरू करतील. तू काळजी करू नकोस. तुझी शुगर तपासलीस का?

एकच मागणं आहे. लिथियमबद्दल त्याला "सोड त्या गोळ्या" असं म्हणू नकोस. मागच्या वर्षी तुझं ऐकून त्याने त्या सोडल्या होत्या. तुला मी कधी सांगितलं नाही, पण त्यानंतर महिन्याभरात मी त्याला हिंडन नदीच्या पुलावरून हाताला धरून घरी आणलं होतं.

तुझीच,
समता