खाली जाणारी लिफ्ट आणि आम्ही चौघी

शनिवार, ५ तारीख
उद्या लेक निर्णय सांगणार. नोकऱ्या दोन. एक इथली, घरापासून चालत. दुसरी समुद्रापलीकडची. निर्णय तिचा तिनेच घ्यावा ही माझी पहिल्यापासून भूमिका. इथलीच घ्यावी, हेही मी अधूनमधून शांतपणे सांगत आले आहे. संकल्प: उद्या गप्प बसायचं. जन्मभर मुलींच्या हॉस्टेलची वॉर्डन होते. संयम अंगात मुरलेला आहे.

रविवार, ६
गप्पच बसणार होते. पण सकाळीच तीन बायका घरात घुसल्या. ओळख ना पाळख. तोंडवळ्यावरून ह्यांच्याकडच्या असाव्यात. एकीने दारातच मला तोंड बंद ठेवायला सांगितलं. माझ्याच घरात! दुसरी तिला म्हणाली, अशी सांगायची पद्धत असते का. मला मध्ये पडणं भागच होतं. दिवसभर स्वयंपाकघरात नुसता कालवा. संध्याकाळी लेक म्हणाली, लांबची नोकरी घेतली, गुरुवारी निघते.

सोमवार, ७
दोष सर्वस्वी त्या बायकांचा. ह्यांना विचारलं, कोण होत्या त्या? हे म्हणाले, कोण? मला तर रोजच्याइतकाच आवाज वाटला.

बुधवार, ९
पोस्टामागच्या इमारतीत गेले. तिथली लिफ्ट फक्त खाली जाते, दर मजल्याला एक दिवस मागे. वर यायचं तर ते दिवस पुन्हा जगत यायचं. लिफ्टमन म्हणाला, बाई, बदलत काही नाही हो; लोक खाली जातात आणि जे झालं तेच करून येतात. म्हटलं, त्या लोकांना शिस्त नसेल.
योजना साधी. त्या बायकांच्या आधी पोचायचं आणि स्वतःला समजवायचं. मी समजूतदार आहे. लगेच ऐकेन.

रविवार, ६ (दुसऱ्यांदा)
ऐकलं नाही. घरातली ‘मी’ दारात आडवी उभी राहिली. मी इतकंच म्हटलं, आज तोंड बंद ठेव. केवढं झोंबलं तिला! इतकी हट्टी बाई मी पाहिलेली नाही. तेवढ्यात मागून उरलेल्या दोघी आल्याच. उजेडात नीट निरखलं. ह्यांच्याकडच्या नव्हेत. त्याही मीच, पुढच्या खेपांमधल्या. म्हणजे मला आणखी दोनदा यावं लागणार? अशक्य. माझं काम एका खेपेत होतं. त्यातली एक मलाच सांगण्याची पद्धत शिकवायला लागली. तिला तिची जागा दाखवली.
संध्याकाळी लेक: लांबचीच.

सोमवार, ७ (दुसऱ्यांदा)
लॉजवर. घरात एक मी आधीच आहे. शेजारच्या खोल्यांत त्या दोघी. बाथरूम एकच, आणि तिघींनाही पहिला नंबर हवा.

बुधवार, ९ (दुसऱ्यांदा)
लिफ्टमन म्हणाला, अहो, आत्ताच तर गेलात. म्हटलं, ती वेगळी. तिला अक्कल कमी होती.

रविवार, ६ (तिसऱ्यांदा)
आता पहिलीशी बोलायचंच नाही. चुकते ती दुसरी, तिला सुधारायचं. सौम्यपणे म्हटलं, अशी सांगायची पद्धत असते का? काय फाडफाड बोलली मला! वयाचा तरी मान ठेवायचा. मी तिच्याहून तीन दिवसांनी मोठी आहे.
लेक: लांबचीच.

बुधवार, ९ (तिसऱ्यांदा)
लिफ्टमनने न विचारताच बटण दाबलं. उद्धट.

रविवार, ६ (चौथ्यांदा)
जमलं! कोणाशी एक अक्षर बोलले नाही. आत तिघींचं जुंपलेलं. कान किटले. बाल्कनीत जाऊन बसले. लेक आली. तिने लगेच ओळखलं, कोणीतरी लिफ्टने आलंय म्हणून. म्हणाली, आई, तू चक्क गप्प? बरी आहेस ना? मग शेजारी बसून सांगत राहिली. तिकडे समुद्राच्या तळाचे नकाशे करायचे आहेत. खाली डोंगर आहेत म्हणे, अजून कोणी न पाहिलेले. सांगताना तिचे हात सारखे हलत होते. म्हटलं, हे मला कधी सांगितलं नाहीस? म्हणाली, सांगायला लागले होते गं, बऱ्याचदा.
मग म्हणाली, पण इथलीच घेते आता. तू एकटी पडशील.
आत तिघी एकाच वेळी ओरडल्या. काहीतरी फुटलं.
म्हटलं, जा बाई तू. मी एकटी कुठे आहे?

गुरुवार, १०
काल तिघीही लिफ्टने खाली गेल्या आणि मी घरी आले. लेक आज पहाटेच्या बोटीने गेली. धक्क्यावर मला तिला काही सांगायचं होतं, ते निघायच्या भोंग्यात राहून गेलं. हे म्हणाले, घर किती शांत वाटतंय. त्यांना ते आवडलेलं दिसलं नाही.
पोचली की फोन करणार आहे. पोचायला आठवडा लागतो. सकाळपासून फोनशेजारी बसले आहे. तिथे उजेड बरा आहे म्हणून.