तुझ्या हातचं ड्रेसिंग

सेल्मा, अलाबामा

ओडेसाताई,

यंदा थँक्सगिव्हिंगला मीच कोंबडी उकडली, मक्याचा पाव कुस्करला, त्यावर कोंबडीचं पाणी ओतून ड्रेसिंग भाजलं. सेजचा पाला तुझ्यासारखा सढळ हातानं घातला.

आई हल्ली मला ओळखत नाही, धड जेवतही नाही. पहिला घास घेऊन म्हणाली, "ओडेसा आली वाटतं! व्हर्लीनला कुठलं जमायला हे!"

मी म्हटलं, "हो आई, मी ओडेसाच."

तिनं माझा हात धरला. "तुझ्या नवऱ्याला मी दारातून हाकललं. चुकलं गं माझं."

मी तुझ्या वतीनं तिला माफ करून टाकलं. मग तिनं पोटभर खाल्लं.

तुला न विचारता केलं, म्हणून हे पत्र पेटीत टाकवत नाही.

तुझी,
व्हर्लीन